जोडीचं नाव

मगदूम मोटार ड्रायव्हिंग स्कूलमध्ये शिकायला येणारी माणसं आता फार उरली नव्हती. गाड्या आपल्याआप चालायला लागल्यापासून परवाना काढायचा तो एक तर हौस म्हणून, नाहीतर सरकारचा नियम अजून आहे म्हणून. तरी पद्मजा रोज सकाळी सांगलीच्या शंभर फुटी रस्त्यावर गाडी काढायची, शिकणाऱ्याला स्टिअरिंगवर बसवायची आणि शेजारी बसून आपला पाय जादाच्या ब्रेकवर ठेवायची. वर्षातून एक दिवस मात्र ती स्कूल बंद ठेवी. त्या दिवशी सासूला, रत्नाबाईंना, घेऊन मिरजेला जायचं असे.

मिरजेच्या इस्पितळात तिसऱ्या मजल्यावर एक लांबट खोली होती. तिथं रत्नाबाईंना आरामखुर्चीवर बसवत आणि दोन्ही हातांना सुया लावत. एका हातातून रक्त निघे, यंत्रातून फिरे, यंत्र त्यातल्या पांढऱ्या पेशी वेगळ्या काढून घेई आणि उरलेलं रक्त दुसऱ्या हातातून परत जाई. तेवढा वेळ रत्नाबाई डोळे मिटून णमोकार मंत्र म्हणत. पद्मजा समोरच्या बाकावर बसे. तिचं स्वतःचं रक्त एका लहानशा नळीत मावे आणि घटकाभरात तिचं काम संपे. द्यायचं ते सगळं आत्यांनी, आपण नुसतं घ्यायचं, असं तिला दर वर्षी वाटे. सासूला ती आत्या म्हणे. सांगली-कोल्हापूरकडच्या घरांत तशी रीतच आहे.

त्या वर्षी नर्सला शीर लवकर सापडेना. तिनं दोनदा टोचलं, चुकलं, पुन्हा टोचलं. रत्नाबाईंच्या सत्तरीला टेकलेल्या हातावर निळसर डाग पडले. त्यांनी हूं की चूं केलं नाही. परत येताना गाडीत त्या हातावरचे डाग पदरानं झाकून बसल्या. विश्रामबाग आलं तशा म्हणाल्या,

"पद्मा, पुढच्या सालाला मी येणार न्हाई."

"कुठं?"

"तिथं. मिरजेला." त्या समोर बघत होत्या. "चातुर्मासाला मुनींचा संघ येणार हाय. मी दीक्षा मागणार हाय."

पद्मजानं गाडी बाजूला घेतली. तिला नवल वाटलं नाही. सासरे वारल्यापासून रत्नाबाईंचं मन तिकडंच होतं. एकेक व्रत घेत त्या घरातल्या घरात दूर गेल्या होत्या. आधी पालेभाजी सोडली, मग गादी सोडली, मग दागिने. आर्यिका, साध्वी, व्हायचं म्हणजे काय, हे त्या भागातल्या जैन घरांत लहान पोरांनाही ठाऊक असतं. एक पांढरी साडी, अनवाणी चालणं, दिवसातून एकदाच ओंजळीत जेवण आणि तेव्हाच काय ते पाणी. सुई नाही, इस्पितळ नाही. नाव जुनं राहत नाही आणि नातंही राहत नाही.

"आणि मी?" पद्मजाच्या तोंडून निघून गेलं.

"त्यासाठीच विचारतीया न्हवं. घरच्यांच्या परवानगीबिगर दीक्षा मिळत न्हाई."

पद्मजानं गाडी पुन्हा रस्त्यावर घेतली.

आठ वर्षांपूर्वी पद्मजाच्या दोन्ही किडन्या गेल्या, तेव्हा तिच्या नवऱ्याची, भरतेशची किडनी जुळली होती. ऑपरेशनची तारीखही ठरली. मग भरतेशला बेंगळुरूचं मोठं काम निघालं आणि तारीख पुढं गेली. दुसरी तारीख ठरली, तीही गेली. एका सकाळी रत्नाबाई कुणाला न सांगता एसटीनं मिरजेला गेल्या आणि किडनीच्या डॉक्टर सलगरांच्या टेबलासमोर उभ्या राहून म्हणाल्या, "माझी बघा." भरतेश ऑपरेशनला आला, बाहेर बसून राहिला, दोघी घरी आल्यावर परत गेला, आणि हळूहळू तिकडचाच झाला. तिकडं त्याचं दुसरं घर आहे हे पुढं सगळ्यांना कळलं. सासू आणि सून सांगलीत राहिल्या. तसं कुणी ठरवलं नव्हतं.

किडनी नवी, पण अंगाला ती परकीच. अंगानं ती नाकारू नये म्हणून पद्मजाला सकाळ-संध्याकाळ गोळ्या होत्या. त्या गोळ्यांची गोम अशी, की त्या एकट्या किडनीपुरतं बघत नाहीत. सगळी प्रतिकारशक्तीच मंद करून टाकतात. पहिल्याच वर्षी छातीत बुरशी झाली आणि पद्मजा मरता मरता वाचली. मग साखर वाढली. आणि हात कापायला लागले. कप धरला की बशी वाजायची. शिकायला आलेली माणसं आधी रस्त्याकडं बघायची आणि मग हळूच तिच्या हातांकडं. गाडी शिकवणाऱ्या बाईचेच हात थरथरतात म्हटल्यावर कोण येणार?

नंतर ही नवी उपचारपद्धत आली. डॉक्टर सलगर मूळच्या कवठेमहांकाळच्या, बोलायला मोकळ्या. त्यांनी दोघींना समोर बसवून समजावलं होतं.

"पांढऱ्या पेशींची आपल्या अंगात लाखो घराणी असतात. प्रत्येक घराण्याची नजर वेगळी. एकाला सर्दीचा विषाणू ओळखता येतो, एकाला टीबीचा. त्यातली मूठभर घराणी अशी, की त्यांना फक्त आजींची किडनी खुपते. आजवर आम्ही त्या मुठीसाठी सगळ्या लाखांना गुंगी देत होतो. आता काय करतो, तुम्हा दोघींच्या पेशी काचेच्या थाळीत एकत्र ठेवतो. जी घराणी खुन्नस धरून आहेत ती आजींच्या पेशी बघून खवळतात, वाढायला लागतात. तेवढीच निवडायची. मग नेमका त्यांच्याच नजरेवर जाऊन बसेल असा प्रतिपिंड, म्हणजे अँटीबॉडी, घडवायचा. बाकी सगळी प्रतिकारशक्ती जागी. गोळ्या बंद."

"आणि परत ती घराणी उगवली तर?" पद्मजानं विचारलं होतं.

"उगवतातच. म्हणून दरवर्षी आजींच्या ताज्या पेशी लागणार. गोठवून ठेवलेल्या चालत नाहीत. त्या जगतात, पण त्यांच्याकडं बघून कुणी खवळत नाही. आजी, याल ना दरवर्षी?"

"येईन की," रत्नाबाई म्हणाल्या होत्या. "चालतंय तंवर येईन."

मग डॉक्टरांनी एक कार्ड पुढं केलं. त्यावर लिहिलं होतं, तिमोझेप्रुबार्ट.

"हे तुमच्या जोडीचं नाव. दरवर्षी आतला प्रतिपिंड थोडा बदलेल, नाव तेच राहील. दोघींनी पाठ करायचं. परगावी आजारी पडलात तर पहिल्यांदा हे सांगायचं. दुसऱ्या जोडीचं औषध तुम्हाला दिलं तर त्याचा उपयोग शून्य, आणि तेवढ्यात किडनी हातची जाईल."

"ह्याचा अर्थ काय?" रत्नाबाईंनी विचारलं.

"शेवटचं 'बार्ट' म्हणजे हा प्रतिपिंड माणसानं रचून घडवलेला आहे. मधलं 'प्रु' म्हणजे प्रतिकारशक्तीला शांत करणारा. जगात कुठंही गेलात तरी डॉक्टरला एवढं नावावरून कळतं."

"आणि पयलं? तिमोझे?"

"त्याला अर्थ नाही. नसायलाच पाहिजे असा नियम आहे. यंत्र अक्षरं जुळवतं, मग वेगवेगळ्या भाषांची माणसं तपासून बघतात. कुणा माणसाचं नाव नको, देवाचं नको, शिवी नको, बरं करतो असं आश्वासनही नको. तुम्हाला आधी 'लुचे' आलं होतं. मराठी बघणाऱ्यानं ते परत पाठवलं."

पद्मजाला हसू फुटलं. कितीतरी महिन्यांनी ती हसली असेल. रत्नाबाई हसल्या नाहीत. त्या जरा पुढं वाकल्या.

"ह्यात उंदीर हाय का, डॉक्टर?"

डॉक्टर सलगर गंभीर झाल्या. "नाही, आजी. यात नाही. पूर्वी ते नावातच कळायचं. ऑपरेशनच्या वेळी पद्मजाताईंना बॅसिलिक्सिमॅब दिलं होतं. त्यात 'मॅब' म्हणजे प्रतिपिंड, 'लि' म्हणजे प्रतिकारशक्तीसाठीचा, आणि 'क्सि' म्हणजे थोडा भाग उंदराचा, बाकीचा माणसाचा. पुढं कुठून आला हे सांगणारी अक्षरं काढून टाकली, आणि नावं एकसारखी व्हायला लागली म्हणून 'मॅब'सुद्धा काढलं."

"म्हंजे तवा उंदराचं गेलं."

"उंदीर मारून काढत नाहीत हो ते. कधीकाळी घेतलेल्या पेशींवरून..."

"पद्मा जगली," रत्नाबाई मध्येच म्हणाल्या. "ते पाप लागलं असंल तर मला लागू दे." मग कार्ड हातात घेऊन त्यांनी अक्षरं लावून लावून वाचली. "रक्त माझं न् तिचं. नावात मी न्हाई, ती बी न्हाई. बरं हाय."

महिन्याभरात पद्मजाचे हात स्थिर झाले होते.

दीक्षेचं कळल्यावर चारच दिवसांत पद्मजा एकटी मिरजेला गेली. डॉक्टर सलगरांनी ऐकून घेतलं आणि चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"पेशी मिळाल्या नाहीत तर साधारण वर्षभर आहे ते औषध पुरेल. मग गोळ्या. पूर्वीच्याच."

"दुसरं काही?"

"अर्धा उपाय आहे. मुलाच्या पेशींवर आईची अर्धी ओळख असते. तुमच्या मिस्टरांच्या पेशी मिळाल्या तर निम्मी घराणी पकडता येतील. उरलेल्यांसाठी गोळ्या घ्याव्या लागतील, पण निम्म्या." डॉक्टरांनी चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवला. "आणि मला दुसरीच काळजी आहे. एक किडनी, दिवसातून एकदाच पाणी, उन्हाळ्यात अनवाणी चालणं. आजींची स्वतःची किडनी किती टिकेल, मी सांगू शकत नाही."

पद्मजा परत निघाली तेव्हा तिला इतकं दमल्यासारखं झालं, की तिनं गाडीला घराचा पत्ता सांगितला आणि स्टिअरिंगवरून हात काढून घेतले. आपल्या गाडीत ती असं कधी करत नसे.

आठवड्यानं भरतेश आला. रत्नाबाई देवळात गेल्या होत्या. तो पुढच्या खोलीत बसला, खुर्चीच्या काठावर, पाहुण्यासारखा. केस मागं हटले होते. पद्मजानं पाणी दिलं.

"तू नाही म्हण," तो म्हणाला. "तू नाही म्हणालीस की आई थांबेल. माझं ती ऐकत नाही."

"तुम्ही नाही म्हणा की. तुम्ही मुलगा आहात."

"म्हणून बघितलं. म्हणते, तू बेंगळुरूला गेलास तेव्हा मी कुठं अडवलं?" त्यानं पाणी प्यायलं नाही. "पद्मजा, एका किडनीवर, दिवसातून एकदा पाणी पिऊन ती खेडोपाडी चालणार. दुसरी किडनी तुझ्यात आहे. तिला काही झालं तर..."

"तर मी मारलं. बोला."

"मी तसं म्हणालो नाही."

"म्हणालात तरी चालेल. मी रोजच म्हणते." तिच्या आवाजात रागसुद्धा उरला नव्हता. "डॉक्टर म्हणतात, तुमच्या पेशी अर्ध्या उपयोगाच्या आहेत. वर्षातून एकदा, दोन-तीन तास. द्याल?"

भरतेशनं पाण्याचा पेला उचलून परत खाली ठेवला. मग म्हणाला, "मला सुईची भीती नाही. तेव्हा ऑपरेशनची वाटली होती. टेबलावर झोपायची वेळ आली की छाती दाबून यायची. तुला सांगायला लाज वाटली, म्हणून कामाचं निमित्त काढलं."

"हे आठ वर्षांनी कळून मला काय करायचं?"

"काही नाही." तो उठला. "कळवतो."

तो गेल्यावर पद्मजानं ते पाणी मोरीत ओतलं आणि तिथंच उभी राहिली.

सगळा उन्हाळा घरात तो विषय निघाला नाही. रत्नाबाई दिवस मावळायच्या आत जेवत, पद्मजा त्यांच्याबरोबरच जेवायला बसे, भांडी घासली जात. आषाढात संघ गावात आला आणि रत्नाबाई दिवसभर बस्तीत राहायला लागल्या. त्यांच्या भागात जैन मंदिराला बस्तीच म्हणतात. एका संध्याकाळी त्या परत आल्या तेव्हा पद्मजा ज्वारी निवडत बसली होती. त्या समोर बसल्या, सुपातला थोडा भाग आपल्याकडं ओढून घेतला.

"महाराज इचारत हुते. घरचं काय म्हणत्यात?"

पद्मजाचा बांध फुटला. "काय म्हणू मी? तुम्हाला मोक्ष पाहिजे आणि त्यासाठी मी मरायला तयार व्हायचं. तेही हसून. वर पाया पडून. नाही म्हटलं तर मी स्वार्थी. हो म्हटलं आणि तुम्ही रस्त्यात कुठं कोसळलात, तर तेही माझ्याच डोक्यावर. तुम्हाला मी थांबवू नये आणि जाऊही देऊ नये, असं तुम्ही मला करून ठेवलंय."

रत्नाबाईंनी दोन खडे काढून बाजूला ठेवले.

"तू न्हाई म्हण. मी थांबते."

"आणि मग?"

"मग काय. थांबायचं. सवय हाय मला." त्यांचा आवाज अगदी सपाट होता. "आठ वरसं रोज सकाळी मी म्हंते, हे शरीर माझं न्हाई. आन् वरसातनं एकदा तिथं जाऊन बसते, ह्याच शरीरातलं काढून देते. देताना मनात येतंच, माझ्यामुळं ही जगती. किती झाडलं तरी येतं. तू हसलीस की वाटतं, हे माझं. तू मला उलटं बोललीस की वाटतं, माझी किडनी घेऊन मलाच बोलती. मी दिलं खरं, पद्मा, पण मला सोडता आलं न्हाई. दमले बघ मी त्यानं. चालून दमायचं मला भ्याव न्हाई."

आपण एवढी वर्षं जे उपकाराचं ओझं मानत होतो, त्याचं दुसरं टोक समोरच्या बाईच्या खांद्यावर होतं, हे पद्मजाच्या कधी ध्यानातच आलं नव्हतं. तिला पहिल्यांदा सासूची कीव आली, आणि त्याबरोबर एक विलक्षण मोकळेपणही.

"हात कापतील माझे," ती म्हणाली.

"व्हय."

"स्कूल बंद पडेल कदाचित."

"व्हय."

"आणि तुम्ही कुठं असाल ते मला कळणार नाही."

रत्नाबाईंनी सूप बाजूला ठेवलं. दोन्ही हात जोडले. सुनेला सासू हात जोडते हे पद्मजाला बघवेना, तिनं ते हात धरून खाली केले. "क्षमा कर," रत्नाबाई म्हणाल्या. तेव्हा पद्मजाही "क्षमा" म्हणाली. दुसऱ्या दिवशी तिनं बस्तीत जाऊन महाराजांसमोर परवानगी दिली.

दिवाळीनंतर दीक्षा झाली. मोठा मांडव, हजारभर माणसं, लाऊडस्पीकर. रत्नाबाई मंचावर बसल्या आणि आपल्या हातांनी डोक्यावरचे केस उपटू लागल्या. राख लावलेल्या बोटांत पांढरे केस येत होते. गर्दीतून जयजयकार उठत होता. पद्मजा पहिल्या रांगेत होती. तिला जयजयकार करता आला नाही. भरतेश तिच्यामागं उभा होता. आईनं दुसऱ्यांदा डोक्याकडं हात नेला तेव्हा तो मांडवाबाहेर गेला, आणि सगळं आटपेपर्यंत आत आला नाही.

महाराजांनी नवं नाव जाहीर केलं: आर्यिका निर्वेदमती. निर्वेद म्हणजे संसाराचा मनापासून आलेला कंटाळा, असं माईकवरच्या पंडितांनी समजावून सांगितलं. पद्मजा पाया पडायला गेली तेव्हा 'आत्या' हा शब्द ओठांपर्यंत आला. तिनं तो गिळला आणि म्हणाली, "वंदामि, माताजी." माताजींनी मोरपिसांची पिंछी उचलून आशीर्वाद दिला, बाकीच्यांना देत होत्या तसाच. चार दिवसांनी संघ कर्नाटकाच्या बाजूला चालू लागला.

भरतेशनं कळवतो म्हटलं होतं, पण कळवलं काहीच नाही. माघात पद्मजाचं औषध उतरायला लागलं, डॉक्टरांनी गोळ्या लिहून दिल्या, आणि त्याच आठवड्यात तो थेट इस्पितळात येऊन उभा राहिला. त्यानं शर्टाच्या बाह्या आधीच दुमडल्या होत्या. यंत्राला लावलं तेव्हा त्याचा चेहरा पांढरा पडला, कपाळावर घाम आला. पद्मजा समोरच्या बाकावर बसली होती. काही वेळानं ती उठली आणि ओला रुमाल त्याच्या कपाळावर ठेवला.

"दरवर्षी यावं लागेल," ती म्हणाली.

"माहीत आहे."

"फारकतीच्या कागदांवर मी सही करते. एवढी वर्षं आत्या नको म्हणत होत्या म्हणून राहिलं होतं."

त्यानं डोळे उघडले. "त्याचा याच्याशी संबंध नाही. मी त्यासाठी आलो नाही."

"मीही त्यासाठी म्हणत नाही. तुम्ही येत जा. नवरा म्हणून यायची गरज नाही, एवढंच."

नव्या जोडीला नवं नाव मिळालं. डॉक्टर सलगरांनी कार्ड दिलं, पद्मजानं ते पाठ केलं. निम्मं काम औषधानं होई, निम्मं गोळ्यांनी. हात पहिल्याइतके नाही, पण कापत. शिकणाऱ्यांना ती सुरुवातीलाच सांगून टाकी, औषधानं होतं हे, पाय भक्कम आहे माझा. काही जण तरी निघून गेले. काही राहिले. स्कूल एका गाडीवर चालत राहिलं.

पुढच्या चैत्रात बातमी आली, की संघ परत फिरला आहे आणि समडोळीत मुक्काम आहे. पद्मजाची मावसबहीण समडोळीला दिलेली होती. पद्मजा आदल्या दिवशीच तिच्याकडं गेली. पहाटे दोघींनी आंघोळ करून सोवळ्यानं विहिरीचं पाणी आणलं, गाळलं, उकळलं. ज्वारीची भाकरी, मुगाचं वरण, दुधीची भाजी, नारळाचं पाणी. सगळं बिनमिठाचं, कारण माताजींनी मीठ सोडल्याचं कळलं होतं.

आहाराची वेळ झाली तशी गल्लीतल्या दारादारात माणसं कलश आणि नारळ घेऊन उभी राहिली. साधू-साध्वी आहाराला निघताना मनात काहीतरी खूण धरतात. ती ज्या दारात जुळेल तिथंच थांबतात, नाही जुळली तर उपाशी परत जातात. खूण काय, हे कुणाला कळत नाही. लांबून पांढरी साडी दिसली. पद्मजानं ओळखलं ते चालण्यावरून. एरवी ओळखू आल्या नसत्या. अंग निम्मं झालं होतं, चेहरा उन्हानं काळवंडला होता, पायांना भेगा पडल्या होत्या. घोट्यांवर सूज होती. ती सूज कशाची असते, हे पद्मजाला कुणी सांगायला नको होतं.

एकेक दार मागं टाकत माताजी जवळ येत होत्या. पद्मजा म्हणाली, "हे माताजी, वंदामि, वंदामि, वंदामि. अत्र तिष्ठ, तिष्ठ." इथं थांबावं, अशी ती विनंती. माताजी पुढं गेल्या. दोन दारं गेल्या, थांबल्या, वळल्या आणि पद्मजाच्या समोर येऊन उभ्या राहिल्या.

पाय धुतले. पाटावर बसवलं. आता जेवण देण्याआधी देणाऱ्यानं आपली शुद्धी सांगायची असते. पद्मजानं हात जोडले.

"मनशुद्धी, वचनशुद्धी..." ती अडखळली. पुढचा शब्द कायशुद्धी. माझं शरीर शुद्ध आहे. कुणाचं शरीर? मावसबहिणीनं कोपरानं तिला हळूच ढोसलं. माताजी खाली बघत वाट पाहत होत्या.

"कायशुद्धी," पद्मजा म्हणाली. "आहार-जल शुद्ध आहे. ग्रहण करावं."

माताजींनी ओंजळ पुढं केली.

पद्मजानं आधी पाणी घातलं. तांब्याचा काठ थरथरत होता. मावसबहिणीनं खालून हात लावला. पाणी ओंजळीत पडलं, माताजी प्यायल्या, ओंजळ पुन्हा पुढं आली. पद्मजा ओतत राहिली. भाकरीचा घास, वरण, पुन्हा पाणी. त्या घेतील तितकं ती घालत होती, थांबा म्हणेपर्यंत आणखी, आणि त्या थांबा म्हणत नव्हत्या. जेवताना केस निघाला, मुंगी दिसली, कुणाच्या डोळ्यांतून अश्रू पडला, तर तो अंतराय. मग ओंजळ तिथंच सुटते आणि दुसऱ्या दिवसापर्यंत पाण्याचा थेंबही नाही. पद्मजाला हे ठाऊक होतं. तिनं माताजींच्या तोंडाकडं बघितलं नाही, सुजलेल्या घोट्यांकडं बघितलं नाही, फक्त ओंजळीकडं बघत राहिली. त्या हातांवरचे निळे डाग आता कुठं दिसत नव्हते. डोळे भरायला लागले की ती दातांनी गालाचं मांस धरी.

शेवटी माताजींनी बोटं सैल केली. त्यांनी हात धुतले, कमंडलूत पाणी भरून घेतलं, पिंछी उचलली. दारापाशी त्या क्षणभर थांबल्या. पद्मजाला वाटलं, काहीतरी बोलतील. त्या उंबऱ्यापुढची जमीन पिंछीनं झाडत होत्या, पायाखाली मुंगी येऊ नये म्हणून. झाडून झाल्यावर त्या बाहेर पडल्या. त्यांच्यामागं गल्लीतली माणसं चालू लागली.

पद्मजा आत आली. चुलीपाशी उरलेलं वरण तसंच होतं. बाहेरचा जयजयकार बस्तीच्या दिशेनं लांब लांब गेला आणि ऐकू येईनासा झाला. आता कुणाचाही अंतराय होणार नव्हता. ती भिंतीला टेकून खाली बसली आणि तोंडावर पदर न घेता रडू लागली.